माजिवड्याला झटके, महापेला लोणी: थ्रॉटल पोझिशन सेन्सरचं परत परत उलटणारं दुखणं

आधी लक्षणं सांगते. तुमच्या गाडीचं दुखणं हेच नसेल तर पुढचं वाचण्यात वेळ घालवू नका.

गाडी २०११ ची, पेट्रोल हॅचबॅक, थ्रॉटलला, म्हणजे इंजिनाला हवा देणाऱ्या झडपेला, केबल असलेली. बाबांनी घेतलेली, आता माझ्याकडे. रोज ठाण्यातल्या मानपाड्याहून नवी मुंबईतल्या महापेला आणि परत. सकाळी घोडबंदर रोडचा मानपाडा ते माजिवडा हा पट्टा पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्येच काढावा लागतो. पुढे कंटेनर, बाजूला टीएमटीची बस, आणि ॲक्सिलरेटरवर पाय नुसता टेकलेला. नेमकी तिथंच गाडी झटके द्यायची. पाय तसूभर न हलवता गाडी मागून कुणी ओढल्यासारखी अडायची आणि लगेच ढकलल्यासारखी पुढे जायची. कळवा, विटावा मागे टाकून ठाणे-बेलापूर रोडला लागलं आणि पाय दाबला, की तीच गाडी लोण्यासारखी. सिग्नलला आयडलिंग, म्हणजे उभ्या गाडीत इंजिनाचे फेरे, कधी मिनिटाला बाराशे-तेराशेवर अडकून बसायचं, तर कधी पाय काढताच इंजिन बंद. चेक इंजिनचा दिवा मधूनच लागायचा आणि दोन-तीन दिवसांनी आपला आपण विझायचा.

या सगळ्यात एक लक्षण असं होतं की ते मी वर्षभर लक्षणात धरलंच नाही. गॅरेजमधून आल्यावर गाडी पंधरा-वीस दिवस ठणठणीत असायची. काहीही काम केलेलं असो.

पहिल्यांदा प्लग बदलले. पंधरा दिवस बरे गेले. मग थ्रॉटल बॉडी साफ केली, तीन आठवडे मस्त. मग एअर फिल्टर आणि इग्निशन कॉइल झाली. मग ‘मॅडम, पेट्रोल भेसळीचं असेल, पंप बदलून बघा’ झालं. चौथ्या खेपेला गॅरेजवाल्यानं स्वतः एक चक्कर मारली, नेमका तेव्हा रस्ता मोकळा होता, आणि उतरून म्हणाला, ‘गाडी ओके आहे, तुमचा क्लचवरचा पाय हलतोय.’ अकरा वर्षं गाडी चालवतेय. तो दिवस मी अजून विसरलेले नाही, आणि मल्टिमीटर हातात धरायला शिकले ते खरं तर त्या एका वाक्यामुळे.

आमच्या मजल्यावर एक काका राहतात, वागळे इस्टेटमधल्या कंपनीत इन्स्ट्रुमेंटेशनमध्ये होते, आता निवृत्त. लिफ्टमध्ये मी रडगाणं गायलं तर त्यांनी एकच विचारलं, ‘आजपर्यंत मोजलं काय काय?’ बदललेल्या वस्तूंची यादी माझ्याकडे लांबलचक होती. मोजलेलं काहीच नव्हतं.

हा सेन्सर करतो काय

थ्रॉटल बॉडीत हवेच्या वाटेवर एक पितळी चकती असते. ॲक्सिलरेटर दाबला की केबल ती चकती फिरवते. चकतीच्या दांड्याच्या दुसऱ्या टोकाला, केबलच्या विरुद्ध बाजूला, दोन स्क्रूंनी बसवलेली काळी प्लॅस्टिकची डबी म्हणजे थ्रॉटल पोझिशन सेन्सर. आत कार्बनचा एक कमानीसारखा पट्टा आणि त्यावर घासत फिरणारी धातूची बारीक बोटं. जुन्या रेडिओच्या आवाजाच्या बटणात हेच असतं. ते बटण जुनं झालं की ठरावीक जागी खरखरतं, जरा पुढे-मागे केलं की आवाज स्वच्छ येतो. हा सेन्सरही तसाच एका ठरावीक जागी खरखरतो, फक्त ती खरखर आपल्याला झटक्यांच्या रूपानं कळते.

वायरी तीन: एकीवर कॉम्प्युटरकडून, म्हणजे ईसीयूकडून, येणारे ५ व्होल्ट, एक अर्थिंग, आणि तिसरी सिग्नलची. चकती मिटलेली असताना सिग्नलवर साधारण अर्धा व्होल्ट असतो, पूर्ण उघडल्यावर साडेचारच्या आसपास. मधला प्रवास सलग, कुठंही न अडखळता व्हायला हवा. ईसीयू त्यावरून ठरवतो की पाय काढलाय का, म्हणजे आयडलिंग सांभाळायचं की उतारावर पेट्रोल तोडायचं. आणि पाय एकदम दाबलाय का, म्हणजे क्षणभर जास्त पेट्रोल द्यायचं. पाय स्थिर असताना सिग्नलनं उडी मारली तर ईसीयूला वाटतं की पाय हलला. तो पेट्रोल देतो, लगेच तोडतो. तोच झटका.

आता माजिवड्यालाच का, याचं उत्तर त्या पट्ट्यात आहे. शहरात चालणाऱ्या गाडीचं आयुष्य थ्रॉटलच्या पहिल्या पाव भागात जातं. बोटं तेवढ्याच जागेवर लाखो वेळा घासतात आणि कार्बन तिथंच झिजतो. हायवेला पाय जास्त दाबलेला असतो, बोटं पुढच्या कोऱ्या पट्ट्यावर असतात, म्हणून गाडी सुतासारखी सरळ. ठाण्यातल्या गाडीचा सेन्सर कुठं झिजेल हे डबी न उघडता सांगता येईल.

संशयित आणखी आहेत

आयडलिंग वर-खाली होत असेल पण चालत्या गाडीत झटका नसेल, तर आयडल एअर कंट्रोल व्हॉल्व्हमध्ये कार्बन साचलाय का ते आधी पाहा. इंजिनातून सतत बारीक ‘स्स्स’ ऐकू येत असेल तर व्हॅक्यूमचा पाइप तडकलाय, विशेषतः ब्रेक बूस्टरचा. थंड इंजिनाला त्रास आणि गरम झाल्यावर ठीक, तर टेम्परेचर सेन्सर. चढाला पूर्ण पाय दाबल्यावर गाडी मरत असेल तर पेट्रोलचा दाब किंवा कॉइल. उपवनच्या पुढे येऊरचा चढ दुसऱ्या गिअरमध्ये घेऊन बघा, तिथं लगेच कळतं. माझी गाडी येऊर बिनतक्रार चढायची. म्हणजे गाडीतला पेट्रोलचा पंप आणि कॉइल दोघंही निर्दोष होते, आणि त्यांतल्या कॉइलचे पैसे मी आधीच मोजून मोकळी झाले होते.

केबलवाल्या गाडीत एक फुकटची चाचणी आहे. चावी बंद करून सेन्सरचा कपलर, म्हणजे वायरी सेन्सरला जोडणारा प्लॅस्टिकचा सांधा, काढून ठेवा आणि मोकळ्या गल्लीत गाडी चालवा. चेक इंजिनचा दिवा लागेल, पिकअप मंद वाटेल, ते अपेक्षितच आहे, कारण ईसीयू आता अंदाजे आकड्यावर काम करतोय. पण ते विशिष्ट जागचे झटके नाहीसे झाले तर चोर सापडला, किंवा निदान चोराची गल्ली तरी. सोसायटीच्या मागच्या रस्त्यावर मी हे केलं आणि झटके खरोखर गेले.

स्कॅनर असेल तर ईसीयूनं नोंदवलेला बिघाडाचा कोड वाचा. ब्लूटूथचा स्वस्त स्कॅनर मोबाइलला जोडूनही चालतो. पी०१२१ म्हणजे सिग्नल बाकीच्या सेन्सरांशी जुळत नाही, पी०१२२ म्हणजे सिग्नल फार खाली, पी०१२३ म्हणजे फार वर, पी०१२४ म्हणजे येतो-जातो. मात्र कोड वाचून लगेच सेन्सर आणायला धावू नका. ५ व्होल्टची वायर तुटली की सिग्नल शून्यावर जातो आणि पी०१२२ येतो. अर्थिंग तुटलं की सिग्नल पाचकडे जातो आणि पी०१२३ येतो. दोन्ही वेळा सेन्सर धडधाकट असू शकतो. कोड रस्ता सांगतो, घर नंबर सांगत नाही.

मोबाइलवर थ्रॉटलचा आकडा मिटलेल्या अवस्थेत दहा-बारा टक्के दिसला तर घाबरू नका. पाचातला अर्धा व्होल्ट म्हणजे दहा टक्केच झाले. बऱ्याच गाड्यांत शून्य दिसतच नाही.

मोजणी, काट्याच्या मीटरवर

माझ्या डिजिटल मीटरवर पहिल्या दिवशी सगळं ठीक दिसलं. मिटलेला ०.५२, पूर्ण उघडा ४.४८. मी नाउमेद झाले. काका घरात गेले आणि चामड्याच्या पेटीतला त्यांचा काट्याचा मीटर घेऊन आले. काचेला एक चरा, कडेला चिकटपट्टी. त्यांचं म्हणणं असं की डिजिटल मीटर सेकंदाला दोन-तीनदाच आकडा बदलतो, मधल्या वेळात सिग्नल पडून उठला तरी त्याला पत्ता नसतो. काटा मात्र थरथरतो.

पद्धत अशी. इंजिन बंद, चावी ऑन. कपलर जागेवर लावलेलाच ठेवायचा आणि त्याच्या मागच्या बाजूनं, वायर जिथं आत शिरते तिथून, बारीक टाचणी सरकवून पिनला टेकवायची. वायरीचं वेष्टन टोचू नका. आपल्याकडच्या पावसात त्या भोकातून पाणी शिरतं आणि तांबं आतून हिरवं होत जातं. टाचण्या एकमेकींना टेकणार नाहीत याकडेही लक्ष ठेवा.

कोणती वायर कशाची हे रंगावरून ठरवू नका. कपलर काढून मोजा. मीटरची काळी तार बॅटरीच्या निगेटिव्हला लावून ज्या पिनवर ५ च्या अगदी जवळ व्होल्ट येतात ती पुरवठ्याची. मग लाल तार बॅटरीच्या पॉझिटिव्हला लावून काळ्या तारेनं पिन तपासा. जिथं बॅटरीएवढे बारा व्होल्ट भरतात ते अर्थिंग. उरली ती सिग्नलची. जुन्या काही गाड्यांत चौथी पिन असते, ती आयडल स्विचची.

आता कपलर परत लावून सिग्नल आणि अर्थिंगच्या मध्ये मीटर ठेवा आणि केबल जिला ओढते ती चकरी हातानं अगदी सावकाश फिरवा. पूर्ण फेरीला वीस सेकंद तरी लागले पाहिजेत. मी फिरवत होते, काका काट्याकडे बघत होते. अर्ध्या व्होल्टवरून काटा वर सरकला, एकच्या जरा आधी टचकन खाली आपटला आणि परत वर. पुढे साडेचारपर्यंत रेशमासारखा. मागे आणताना त्याच जागी पुन्हा आपटला. मग काकांनी स्क्रू ड्रायव्हरच्या मुठीनं सेन्सरवर हलकेच टकटक केलं. चकरी त्या जागी धरलेली असताना काटा नाचायला लागला.

वर्षभराचं कोडं त्या नाचणाऱ्या काट्यात होतं. मला आधी गॅरेजवाल्याचा तो क्लच आठवला.

बदलताना

काम अर्ध्या तासाचं, पण स्क्रू आडवे आले तर दुपार जाते. बॅटरीची निगेटिव्ह काढा. सेन्सरचे दोन स्क्रू ॲल्युमिनियममध्ये वर्षानुवर्षं बसलेले असतात आणि कंपनीनं त्यांना लॉकिंगचं रसायन लावलेलं असू शकतं. बिट बरोबर मापाचाच घ्या, गंज सोडवणारं तेल लावून अर्धा तास थांबा, स्क्रू ड्रायव्हर टेकवून मागून एक हलका ठोका द्या, मग फिरवा. डोकं गुळगुळीत झालं तर थ्रॉटल बॉडी उतरवावी लागते आणि गॅस्केट नवं लागतं.

काढण्याआधी जुन्या सेन्सरची जागा मार्करनं खुणावून ठेवा. काही सेन्सरांची स्क्रूची भोकं लांबट असतात, म्हणजे तो थोडा फिरवून व्होल्ट जुळवता येतात. काहींची गोल असतात, तिथं प्रश्नच नाही.

नवा बसवताना एक गफलत होते, माझीही झाली. सेन्सरच्या आतली खाच स्प्रिंगच्या ताणावर असते. तो दांड्यावर थोडा तिरका ठेवायचा, खाच आणि दांडा जुळले की स्प्रिंगचा ताण घेत फिरवून स्क्रूच्या भोकांवर आणायचा. सरळ दाबून बसवला तर खाच दांड्याच्या चुकीच्या बाजूला जाते आणि चकती मिटलेली असूनही सेन्सर भलतंच सांगतो. स्क्रू घट्ट करण्याआधी चकरी हातानं पूर्ण फिरवून सोडा. ती टक् करून परत यायला हवी. स्क्रू बोटांच्या ताकदीवर आवळा, मनगटाच्या नाही. प्लॅस्टिक आहे ते.

मग मीटर लावा. लांबट भोकं असतील तर गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमधला आकडा येईपर्यंत सेन्सर केसभर फिरवा. चकतीच्या अडणीचा जो बारीक स्क्रू असतो, ज्यावर बहुधा रंगाचा ठिपका असतो, त्याला हात लावू नका. आयडलिंग वाढवायला तो फिरवण्याची खोड जुन्या कार्ब्युरेटरवाल्या हातांना असते. त्यानं ईसीयूचा शून्यच हलतो.

शेवटी बॅटरी जोडा, रेडिएटरचा पंखा एकदा फिरून थांबेपर्यंत ॲक्सिलरेटरला पाय न लावता इंजिन नुसतं चालू ठेवा. ईसीयू मिटलेल्या चकतीचा आकडा नव्यानं शिकतो.

जुना सेन्सर मी फोडून पाहिला. काळ्या पट्ट्यावर बोटांच्या चार समांतर चकचकीत रेघा, आणि सुरुवातीपासून जेमतेम तीन-चार मिलिमीटरवर एक तिळाएवढी जागा, जिथं काळं संपून खालचा तपकिरी पाया दिसत होता. आत थोडा ओशटपणाही होता. साफसफाईचा स्प्रे दांड्याच्या फटीतून डबीत झिरपतो आणि पट्टा झिजायला मदतच करतो. थ्रॉटल बॉडी साफ करायची तर स्प्रे फडक्यावर मारून पुसा, दांड्याच्या टोकांवर थेट पिचकारी नको. शक्य असेल तर सेन्सर उतरवूनच.

आणि जुलैत पुन्हा

हे झालं एप्रिलमध्ये. मे, जून उत्तम. जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात, विटाव्याच्या रेल्वे पुलाखाली पाणी भरल्यानं रांगेत अडकले असताना, तेच. झटका, आणि सुटल्यावर आयडलिंग तेराशे. तीन महिन्यांचा सेन्सर.

पहिला विचार तुमच्या मनात येईल तोच माझ्या मनात आला: लोकल माल लागला. दुकानातल्या माणसाला मनातल्या मनात चार शब्द ऐकवले. दुसरा सेन्सर आणायला निघालेही होते. काकांनी लिफ्टपाशी अडवलं. ‘मोज आधी.’

या वेळी काटा वर जाताना कुठंही आपटला नाही. पट्टा स्वच्छ होता. पण सिग्नल आणि बॅटरीचा निगेटिव्ह यांच्यात मोजलं तर मिटलेल्या अवस्थेत ०.५२ ऐवजी ०.७४ आले, आणि पूर्ण उघडल्यावर ४.५०. खालचा आकडा चांगलाच चढला होता, वरचा जवळजवळ जागच्या जागी.

इथं काकांनी वर्तमानपत्राच्या कडेला एक गणित मांडलं, ते सांगते, कारण अख्ख्या प्रकरणात सगळ्यात उपयोगी पडलं ते हेच. सेन्सर तिरका बसला असेल तर खालचा आणि वरचा असे दोन्ही आकडे एकाच दिशेला सरकतात. ५ व्होल्टच्या बाजूला सांधा खराब असेल तर वरचा आकडा पडतो आणि खालचा फारसा हलत नाही. अर्थिंगच्या बाजूला खराब असेल तर खालचा चढतो आणि वरचा फारसा हलत नाही. म्हणजे अर्थिंग.

तपासायला एक मिनिट लागलं. चावी ऑन, काळी तार बॅटरीच्या निगेटिव्हला, लाल तार कपलरच्या अर्थिंगच्या पिनला, मात्र सेन्सरच्या बाजूनं. तिथं जवळपास शून्यच यायला हवं, फार तर शंभर मिलिव्होल्टच्या आत. आले ०.२४. तीच लाल तार कपलरच्या वायरीच्या बाजूला टेकवली तर ०.०२. म्हणजे दोषी सांधा त्या दोन टाचण्यांच्या मध्ये, कपलरच्या आत, एवढ्याशा जागेत. बोटानं कपलर दाबला की ०.२४ चे ०.०५ व्हायचे, सोडला की परत वर.

कपलर उघडला. दोन पिना पिवळ्याधमक. तिसरीवर हिरवट थर, आणि तिची पकड सैल होऊन कमळासारखी उमललेली. कपलरच्या तोंडाशी जी रबरी सील असायला हवी ती जागेवर नव्हतीच. कुठल्या तरी थ्रॉटल साफसफाईत पडली आणि कुणी लावली नाही.

मग तो पंधरा-वीस दिवसांचा हिशेब लागला. प्रत्येक गॅरेजमध्ये, काम कुठलंही असो, थ्रॉटल बॉडीपाशी हात घालायला हा कपलर काढून परत लावला जायचा. काढताना-लावताना पिना घासून स्वच्छ व्हायच्या, शिवाय बॅटरी काढल्यानं ईसीयू नव्यानं शिकायचा. प्लगनं, फिल्टरनं, कॉइलनं, कशानंच काही झालं नव्हतं. गुण यायचा तो कपलर काढून लावल्याचा. नवा सेन्सर बसवतानाही तेच झालं होतं. झिजलेला पट्टा खरा होता, पण त्याच्या मागे हा दुसरा चोर लपला होता, आणि पहिला पकडल्याच्या आनंदात आम्ही दुसऱ्याकडे पाहिलंच नाही. एप्रिलमध्ये आम्ही सिग्नल सेन्सरच्याच अर्थिंगच्या पिनशी मोजला, बॅटरीच्या निगेटिव्हशी ताडून पाहिलाच नाही. पाहिला असता तर कदाचित तेव्हाच शंका आली असती. काकांनी ही चूक आपल्या नावावर घेतली, मी घेऊ दिली.

पाणी कुठून आलं हे शोधायला मात्र भर पावसात बॉनेट उघडून उभं राहावं लागलं. मी छत्री धरली. काचेखाली, वायपरच्या मागे जी प्लॅस्टिकची जाळी असते, तिच्या दोन्ही टोकांना पाणी जायला वाटा असतात. आमची पार्किंगची जागा सोनमोहराखाली आहे. उन्हाळाभर पिवळी फुलं पडतात, दिसायला छान, आणि सगळी त्या जाळीतून आत. डावीकडची वाट फुलांच्या लगद्यानं गच्च बुजली होती. पाणी तुंबून जाळीच्या मधूनच ओघळत होतं आणि वायरिंगच्या नळीवरून थेंब थेंब बरोबर या कपलरवर.

कपलरचं काय केलं

नुसता कॉन्टॅक्ट क्लीनर मारून चाललं असतं, पण पकड सैल झालेली पिन परत घट्ट केली तरी टिकत नाही. नवा कपलर सुटा मिळेना. कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर जुन्या गाड्यांच्या सुट्या भागांच्या दुकानात तशाच गाडीचा कपलर, वीतभर वायरीसकट कापलेला, मिळाला. घेताना सील आहे का आणि पिना आतून पिवळ्या आहेत का ते मोबाइलच्या उजेडात पाहून घ्या. दुकानदार वैतागतो, वैतागू दे.

जोडताना तिन्ही वायरी एकाच जागी कापू नका. एक लांब, एक मध्यम, एक आखूड, म्हणजे जोड एकमेकांवर येत नाहीत आणि गाठोडं होत नाही. डाख लावला, उष्णतेनं आवळणारी नळी चढवली, वरून वायरिंगची कापडी पट्टी. काळी चिकटपट्टी नको, इंजिनच्या उष्णतेनं तिचा चिकटा होतो. सीलला थोडं सिलिकॉन ग्रीस. कपलर ‘टक्’ वाजेपर्यंत दाबला आणि वायरिंगची नळी अशी बांधली की कपलरच्या आधी तिचा एक झोळ खाली लोंबेल. पाणी आलंच तर तिथून ठिबकून जाईल.

अर्थिंग परत मोजलं. ०.०१.

सीएनजी आणि बिनकेबलच्या गाड्या

ठाण्यात निम्म्या शेजाऱ्यांकडे सीएनजी आहे, म्हणून हे. नंतर बसवलेल्या जुन्या किटांत किटचा कॉम्प्युटर याच सिग्नलच्या वायरीला फोडणी देऊन माहिती घेतो. ती फोडणी बऱ्याचदा वायर सोलून, पिळून, वर चिकटपट्टी गुंडाळून केलेली असते. झटके पेट्रोल आणि सीएनजी दोन्हींवर येत असतील तर सेन्सरला हात लावण्याआधी तो जोड उघडून बघा.

आणि गाडीला केबलच नसेल, थ्रॉटल मोटरवर चालत असेल, तर वरचं बरंचसं तुमच्यासाठी नाही. तिथं थ्रॉटल बॉडीच्या आतच दोन सेन्सर असतात, ईसीयू दोघांचे आकडे सतत ताडून बघतो आणि जुळले नाहीत की पी२१३५ देऊन गाडी रांगत्या वेगावर आणतो. बहुतेक गाड्यांत सेन्सर वेगळा मिळत नाही, थ्रॉटल बॉडी अख्खी बदलावी लागते आणि अनेकदा स्कॅनरनं शिकवावी लागते. कपलर काढून चालवण्याची ती फुकटची चाचणी तिथं करू नका, आणि चावी ऑन असताना चकतीत बोट तर अजिबात घालू नका, मोटर ती कधीही मिटवते. पण कपलर, सील, अर्थिंग आणि बॉनेटमागची जाळी यांची तपासणी तिथंही हीच, आणि थ्रॉटल बॉडीच्या किमतीपुढे ती फुकटच म्हणायची.

माझ्या गाडीला आता दुसरा पावसाळा चालू आहे. मेच्या शेवटच्या रविवारी जाळीतून दोन मुठी फुलं काढली. परवा विटाव्याला पुन्हा तासभर अडकले होते, घरी आल्यावर ओल्या गाडीवरच मीटर लावला: मिटलेला ०.५२, अर्थिंग ०.०१. काकांना आकडे कळवले, तर म्हणाले, काट्याचा मीटर परत कधी देतेस.